कॅप्टनचं पान

प्रिय शरयू,

नाही, त्या मेलेल्या गोऱ्याचा मला हेवा बिवा काही वाटत नाही. तू विचारलं नाहीस, पण पुढचं वाचून विचारशील, म्हणून आधीच सांगून टाकते. सव्वाशे वर्षांपूर्वी गेलेल्या माणसाचा हेवा करायला मला काय वेड लागलंय?

तुझ्या भावजींनी रिटायर झाल्यावर कसला छंद धरला नाही. इथे अमेरिकेत मॉरिसव्हिलला, आमच्या श्रीरामकडे आलो तरी खिडकीत बसून समोरचा माणूस गाडी कशी धुतो ते बघायचे. मग नातीने, आन्याने, जुने इंग्रजी पेपर कॉम्प्युटरवर कसे शोधायचे ते दाखवलं आणि घरात कॅप्टन ऑर्टन शिरला. बांधकाम खात्यात यांची पहिली बदली झाली होती तिथला दगडी पूल आठवतोय ना? त्याच्यावर नाव कोरलंय ते त्याचं. लष्करातला इंजिनियर. पाद्र्याचा मुलगा, एकविसाव्या वर्षी बोटीने आला, खडकीच्या पलटणीत. आठवडाभर पूल बांधायचा आणि रविवारी रस्त्याचा रोलर नदीकाठच्या माळावर फिरवून क्रिकेटचं पिच करायचा. सरकारी रोलर खेळायला नेला म्हणून वरच्या साहेबाने झापलं, तर म्हणाला, पुलासाठी जमीन किती घट्ट आहे ते बघतोय. हे सांगताना आमचे हे इतके हसतात की ठसका लागतो. डावऱ्या हाताने बॉलिंग करायचा. एकदा पुण्याच्या साहेबांच्या सात विकेटी काढल्या. पूल पुरा व्हायच्या आत तापाने गेला. अठ्ठावीस वर्षांचा. लग्न नाही, मागे कोणी नाही.

मला सगळं पाठ झालंय, कारण जेवताना रोज तेच. पोळी गार होते, साहेब गार होत नाही. सूनबाई सुमेधा बिचारी हो बाबा, हो बाबा करत वाढते. आन्या म्हणते, आजी, आजोबांचा बेस्ट फ्रेंड डेड आहे. मी म्हटलं, नशीब त्याचं, जिवंत असता तर मी बघून घेतलं असतं.

परवा सर्वपित्री झाली. मी वडे तळत होते तर हे आले आणि म्हणाले, एक पान जास्त वाढ. कोणाचं? तर कॅप्टनचं. त्याच्यामागे कोणी नाही ना, मग आपण वाढायचं. मी झारा खाली ठेवला. शरयू, तीस वर्षं झाली, आमच्या नकुलचं, पोटच्या पोराचं पान या माणसाने वाढू दिलेलं नाही. दरवर्षी मी विचारायचं आणि यांनी म्हणायचं, बापाने मुलाचं करायचं नसतं. बरं, नसतं तर नसतं. पण मग नावसुद्धा घ्यायचं नसतं का? त्या गोऱ्याच्या सात विकेटी तोंडपाठ, आणि नकुल कॉलेजच्या टीममध्ये होता तेव्हा एक मॅच बघायला गेले नाहीत. साहेबाच्या तापाचं सांगताना डोळे भरतात. आपला पोरगा काविळीने गेला तेव्हा चौथ्या दिवशी डबा घेऊन साइटवर गेले होते.

मी वाद घातला नाही. दोन पानं वाढली. म्हटलं, हे तुमच्या कॅप्टनचं. दुसरं कोणाचं ते सांगितलंच नाही. हे खुर्ची ओढून त्या दुसऱ्या पानाशी बसले आणि म्हणाले, नकुलला वडे आवडायचे नाहीत. मी म्हटलं, आवडायचे. म्हणाले, नाही गं. मग काय आवडायचं ते सांगा ना! यांना सांगता येईना. मला माहीत होतं, पण सांगायला जीभ रेटेना.

त्यासाठी हे पत्र. फोनवर तू रडतेस, ते मला चालत नाही. आमच्या बदल्या, म्हणून कॉलेजला तो पुण्यात तुझ्याकडे राहिला आणि तुझ्या हातचं जेवला. सुट्टीत घरी आला की म्हणायचा, आई, मावशी करते तशा चकोल्या कर ना. मी आमटीत कणकेच्या चकत्या सोडून करायची. तो मुकाट्याने खायचा, पुन्हा घ्यायचा नाही. तेव्हा तू मला डोळ्यांसमोर नकोशी व्हायचीस. पोर माझं आणि चव तुझी. शेवटी मी यांना चकोल्यांचं सांगितलं, तर म्हणाले, मग शरयूला विचार, आपण करू. माणूस पहिल्यांदा आपण म्हणाला. तेव्हा लिही. डाळ कुठली, चिंच की आमसूल, गूळ कधी टाकतेस, सगळं लिही. काही लपवू नकोस. आणि परवा त्या पानाशी बसून हे पुढे काय काय बोलले, ते मला विचारू नकोस. मी सांगणार नाही.

तुझीच,
थोरली