सगळं कटल्यावर उरतं ते

ता. ९, गुरुवार

धाकट्या,

अनेक आशीर्वाद. तुम्ही सगळे बरे असाल. इथे नळ गळतोय, माझा गुडघा कुरकुरतोय, शिलाईचं मशीन एकदाचं दुरुस्त झालं. अण्णा जेवतात, झोपतात.

परवा फोनवर म्हणालास, अण्णा अजून घातांकांचे नियम धडाधड सांगतात, म्हणजे डोकं शाबूत आहे, ताई उगाच बाऊ करते. बाऊ करायला मला वेळ कुठे आहे? तू नियम ऐकतोस, ओलं अंथरूण मी बदलते.

आता नीट वाच. सकाळी चहा झाला की ते कपाटाच्या दारावर खडूने गणित लिहितात आणि मला समोर बसवतात. त्यांच्या लेखी मी शाळेत आलेली नवी मुलगी. पन्नाशी उलटली, पण गिचमिड अक्षरासाठी रोज बोलणी खाते. आई गेली तेव्हा तुला सांभाळायला मला चौथीतून काढलं, बीजगणित वाट्याला आलंच नाही. आता येतंय. वर क्षचा पाचवा घात, खाली दुसरा, तर पाचातून दोन वजा, वर तिसरा घात. खालचा मोठा असेल तर उरलेलं खाली. मध्ये अधिकचं चिन्ह असताना नुसतं अक्षर खोडलं तर हात कलम करीन म्हणतात.

मी तुमची मुलगी आहे, असं मी त्यांना आधी रोज सांगायची. ते बिचकायचे, खडू ठेवून द्यायचे. मग सांगणं सोडलं. खरं सांगू? माझा तास बुडू नये म्हणूनही सोडलं.

काल वर अचा तिसरा घात होता, खालीही तिसराच. अण्णांनी दोन्ही खोडले आणि उत्तर लिहिलं शून्य.

याच चुकीसाठी त्यांनी तुला दाराबाहेर उभं केलं होतं. मी भांडी घासता घासता ऐकत होते, "गाढवा, सगळं कटलं तरी शून्य होत नाही, एक उरतो." लहानपणापासून मला तेवढं एकच गणित येतं.

मी म्हटलं, "सर, एक उरतो."

ते पुन्हा कपाटाच्या दाराकडे वळले. तळव्याने शून्य पुसलं, एक लिहिला. मग वळून म्हणाले, "हुशार आहेस. कुणाची गं तू?"

"मास्तरांची."

"मग येणारच," म्हणाले, आणि पुढचं गणित घातलं.

आता नियमही निसटायला लागलेत. नियम गेले की फोनवर बोलायलाही तुला काही राहणार नाही. रजेचं रडगाणं मला ऐकवू नकोस. ये आणि समोर बस. ओळख विचारू नकोस, गणित विचार. माझ्या शेजारी जागा आहे.

येताना खडूची पेटी आण. लहान पुरेल.

तुझी
ताई