गॅरेटची जागा

प्रिय वेस,

हे फोनवर सांगायला घेतलं असतं तर पहिल्या वाक्याला तू हसला असतास आणि दुसऱ्या वाक्याला मी रडले असते. म्हणून लिहितेय. शनिवारच्या सामन्याआधी पत्र तुझ्या हातात पडलंच पाहिजे. पोस्टातल्या अर्लीनला तसं बजावलं, तर ती भवानी म्हणते, "लोर्ना, पोराला काय खजिन्याचा नकाशा धाडतेयस?" म्हटलं, हो गं बाई, तसंच समज, पण आजच्या गाडीत टाक.

घरचं म्हणशील तर मक्याची काढणी उरकली. तुझ्या बाबांची कंबर धरलीय, पण शनिवार उजाडला की टुणटुणीत. गॅरेटच्या हार्मन कॉलेजची लाल टोपी घालून सकाळपासून मोटारीत जाऊन बसतात. आपली डचेस कुत्री म्हातारी झाली. हल्ली तिन्हीसांजेला ती पायऱ्यांखाली शिरते आणि हाडूक दाखवलं तरी बाहेर येत नाही. का ते मला आधी कळत नव्हतं. आता कळतं.

ऑगस्टअखेरच्या पहिल्या सामन्याला तू नव्हतास, तुमच्या ओल्सन कॉलेजचाही सामना त्याच दिवशी होता. रीत तुला ठाऊकच आहे, खेळाडू गेला की मोसमाच्या पहिल्या खेपेला, पहिला चेंडू मागे देताना, त्याची जागा मोकळी सोडायची. अकराऐवजी दहाच पोरं उभी राहतात, चेंडू घेणारा मुकाट गुडघा टेकतो, समोरचेही मयताला आल्यासारखे खाली बघत थांबतात, आणि मग खरा खेळ सुरू. सगळं मैदान उठून उभं राहिलं. रांगेच्या मधोमध उभ्या डोनी प्राझाकने चेंडू मागे दिला. त्याच्या डाव्या हाताची जागा, तुझ्या भावाची, आपल्या गॅरेटची, मोकळी. आणि त्या मोकळ्या जागेसमोरचा तो रेड्याएवढा पोरगा एकदम उचलला गेला रे. छातीखाली खांदा घालून कुणी उचलावं तसा, आणि पाठीवर आपटला. चेंडू घेणाऱ्याला समोर मोकळी वाट दिसली. गुडघा टेकायचं विसरून तो जो पळत सुटला तो थेट शेवटच्या रेषेपार.

लोक म्हणाले, उन्हाने त्या पोराला भोवळ आली. म्हणेनात का. गॅरेट खांदा कसा घालायचा ते मी त्याच्या नवव्या वर्षापासून बघत आले होते. मी रडले, आणि खोटं कशाला बोलू, मला आनंद झाला. जुलैपासून पहिल्यांदा पोटभर जेवले मी त्या दिवशी.

गेल्या साली एकही सामना न जिंकलेला आपला संघ तो सामना जिंकला. मग काय, कोच हॅलोरनने रीतच बदलून टाकली. दर शनिवारी पहिली खेप दहा जणांची, आणि गुडघा टेकायचा नाही, पळायचं. दर शनिवारी वाट उघडायची. गावात दुकानांच्या काचांवर 'आमचे दहाच पुरेत' असं रंगवलंय. एका रविवारी डोनी आला, माझे कोलाचे, ते गोड पाव, खात स्वयंपाकघरात बसला. दोन खाल्ले आणि तिसरा हातातच राहिला. म्हणाला, "काकू, चेंडू देताना माझ्या डाव्या खांद्याला कुणीतरी टेकतं. ऊब नसते, पण वजन असतं." मग लहान पोरासारखं विचारलं, "मी वेडा झालोय का हो?" मी त्याला जवळ घेतलं. दुसरं काय करणार?

आता पुढचं नीट वाच. पहिला नुसता पडला होता. त्यानंतरच्याचा खांदा निखळला. पुढे एकाच्या गळ्याखालचं हाड मोडलं. लोक म्हणाले, फुटबॉल आहे बाई, भातुकली नाही. ऑक्टोबरात आपला संघ ओमाहाला गेला, आम्हीही गेलो, तिथलं मैदान भर शहरात, चहूकडे सिमेंट. त्या जागेसमोरचा पोरगा पडला तो उठलाच नाही. मार कुठेच नव्हता, श्वास बंद. मी कठड्याशी उभी होते. डॉक्टरने त्याच्या तोंडातलं दात सांभाळायचं रबर काढलं आणि त्यामागून मक्याचे दाणे बाहेर आले. कोरडे, पिवळे, ओंजळभर. डॉक्टर म्हणाला, मैदानात येण्याआधी काहीतरी खाल्लं असेल. कोरडा मका कोण खातं रे, कोंबडी सोडून? पोरगा अजून दवाखान्यात आहे, यंत्र त्याला श्वास देतं. त्याची आई तिथे खुर्चीवर झोपते. मी तिला भेटून आले.

जुलैत आपल्या उंच पत्र्याच्या कोठीतला मका आतून चिकटून बसला होता. तो सोडवायला गॅरेट उतरला, आणि मका सरकला तो त्याला घेऊनच. पत्रा कापून त्याला काढला तेव्हा तू वाटेत होतास. तुला मी हे कधी सांगितलं नाही, पण त्याच्या तोंडातले दाणे मी माझ्या बोटांनी काढले. ते दाणे कुठले हे मला कुठल्या डॉक्टरने शिकवायची गरज नाही.

मी कोचकडे गेले. ती जागा भरा म्हटलं. तो भला माणूस आहे, मला खुर्ची दिली, कॉफी दिली, आणि म्हणाला, "बाईसाहेब, दहा जणांनी खेळू नये असा नियम नाही. आणि पोरांना वाटतं तो त्यांच्यासोबत आहे. ते मी कसं काढून घेऊ?" घरी येऊन तुझ्या बाबांशी भांडले. ते कधी ओरडत नाहीत, त्या दिवशीही ओरडले नाहीत. खिडकीबाहेर बघत म्हणाले, "लोर्ना, खेळू दे ना पोराला. आत्ता कुठे जिंकायला लागलाय." दोघं तशीच जेवायला बसलो.

आणि मग गेल्या रविवारी तुझा फोन. तुमच्या ओल्सनशी हार्मनचा शेवटचा सामना, आणि त्या जागेसमोर उभं राहायचं तूच मागून घेतलंस. म्हणालास, "आई, मला त्याला एकदा भेटायचंय." वेस, माझ्या हातातली बशी खाली पडली, तो आवाज तू ऐकलास, आणि मी म्हटलं मांजर आहे. आपल्याकडे मांजर नाही.

तुझा पुढचा दात कुणी पाडला ते आठवतंय ना? गॅरेट दुष्ट नव्हता. बाजारातून आणलेली शेवटची गोळीसुद्धा तुला द्यायचा. पण अंगणात खेळताना एकदा हात जमिनीला टेकला की समोर कोण आहे हे त्याला दिसायचंच नाही. तू रडलास तरी, रक्त आलं तरी. बाबांनी हाका मारल्या तरी ढिम्म! त्याला थांबवणारी एकच गोष्ट होती, आजीची पितळी घंटा. जेवायला चला म्हणून मी ती वाजवली की ढकलता ढकलता मध्येच थांबायचा, उठायचा, तुला हात देऊन उठवायचा आणि मग तुमची घरापर्यंत शर्यत. तो नेहमी पहिला. पायरीवर दोनदा बूट आपटायचा, माती झाडायला, आणि मला म्हणायचा, "आज काय?"

परवा तिन्हीसांजेला बाबा गावात होते. मी ती घंटा घेऊन मागल्या दारात उभी राहिले आणि वाजवली. डचेस पायऱ्यांखाली शिरली. वारा नव्हता. बराच वेळ काहीच नाही, आणि मी स्वतःलाच म्हटलं, लोर्ना, तुझं डोकं फिरलंय. आत येऊन बटाटे ढवळायला लागले. तेव्हा पायरीवर बूट आपटले. दोनदा. मी मागे वळले नाही. ताट वाढलं, त्याच्या जागेवर ठेवलं आणि म्हटलं, बस बाळा, गार होतंय. स्वयंपाकघर गारठून गेलं. खुर्ची सरकली. मी भांड्याकडे बघत उभी राहिले, आणि खरं सांगते, मला भीती वाटली नाही, नुसतं भरून आलं. मागाहून पाहिलं तर ताट तसंच होतं आणि पायरीवर मक्याचे दाणे पडले होते. मी ते झाडून घेतले. म्हणजे तो अजून ऐकतो, वेस. बाकी कुणाचं नाही, पण घंटेचं ऐकतो.

उभा राहू नकोस असं मी लिहिणार होते. पण तू ऐकणार नाहीस, आणि ऐकलंस तरी तिथे दुसऱ्या कुणाचं तरी पोर उभं राहील. तेव्हा उभा राहा. पहिल्या खेपेला सगळं मैदान चिडीचूप असतं, मी कठड्याशी असेन, आणि तुम्ही हात टेकलेत की घंटा वाजवीन. ती ऐकून तो थांबेल. तुझेही पाय धावायला उठतील, लहानपणापासून तीच सवय आहे त्यांना. आणि तो तुला उठवायला हात पुढे करील, नेहमीसारखा. तो हात धरू नकोस, राजा. शर्यत लावू नकोस. जन्मभर मी ती घंटा तुम्हा दोघांसाठी वाजवली, शनिवारी ती त्याच्या एकट्यासाठी आहे. मी हाक मारतेय म्हणून पत्र लिहिलेलं नाही. माझी हाक ऐकूनही तू येऊ नयेस, म्हणून लिहिलंय. त्या रात्री मी एकच ताट वाढणार आहे, आणि ते तुझं नाही.

तुझीच,
आई