रेंगाळ्यांचा सातवा नियम

प्रिय रव्या,

अक्षर ओळखून पाकीट फाडून टाकायचा विचार आला असेल, तर निदान तुझ्या आईला, काकींना, वाचून दाखव आणि मग फाड. फोन तू उचलणार नाहीस, म्हणून कागद घेतलाय. नऊ वर्षांत आपण एका शब्दाने बोललो नाही. आज दुपारी तुमच्या घरून निघालो तेव्हापासून माझं डोकं बधिर झालंय. चाकण चौकात गाडीला मागून हॉर्न वाजत होते आणि मी सिग्नलकडे नुसता बघत बसलो होतो. घरी आल्यावर अब्बांनी विचारलं, ताप आलाय का. 

तोच चौक आहे तो, आठवतं? आकुर्डीच्या कॉलेजातून परत येताना आपली बस दोन कंटेनरच्या मध्ये पाऊण तास अडकली होती आणि तू म्हणाला होतास, "दान्या, इथं वेळ पुढं सरकतच न्हाई राव, नुसती रेंगाळतीय." त्या पाऊण तासात रेंगाळे जन्माला आले. न जळणारे, न विझणारे तारे. त्यांच्या आसपास गेलं की वेळ पाय ओढत चालते. फिजिक्सच्या जर्नलच्या मागच्या पानांवर आपण अख्खं विश्व उभं केलं. ग्रहांना तू बसथांब्यांची नावं दिलीस, मी नियम लिहायला घेतले. एकांडा रेंगाळा लांबूनच दिसतो, त्याला वळसा घालता येतो. जोडरेंगाळ्यांच्या मधल्या फटीत तास जागचा हलत नाही. आणि सगळ्यांत वाईट तो मुका रेंगाळा. तो दिसतच नाही. यानातल्यांना वाटतं आपण ठरल्या वेळी घरी पोचलो, आणि दारात उतरावं तर वाट बघणारे कधीचे निघून गेलेले.

सातवा नियम तेवढा तुझ्या अक्षरात आहे. मुक्या रेंगाळ्यातून आलेल्याला उशिराचा दोष द्यायचा नाही, कारण त्याच्या घड्याळात तो वेळेवरच असतो. मी तेव्हा तुझी थट्टा केली होती, की हा नियम शास्त्राचा नाही, मायेचा आहे. तू म्हणालास, मग राहू दे की.

आमच्या आरफाचं लग्न ठरलंय. पत्रिका द्यायला मी आज तुमच्याकडे गेलो होतो, तू फर्स्ट शिफ्टला असशील अशी वेळ साधूनच, खोटं कशाला बोलू. काकींनी मला आत बोलावलं, चहा टाकला. नऊ वर्षं मी न आल्याबद्दल चकार शब्द काढला नाही. मी तिथेच बसलो, भिंतीवरच्या जुन्या घड्याळाखाली. माझी खोड तुला माहीत आहे. अब्बांच्या गॅरेजात वाढलेला पोरगा मी, चुकलेलं काही दिसलं की हात शिवशिवतात. घड्याळ वीस मिनिटं पुढे होतं. मी उठलो आणि म्हणालो, काकी, हे बरोबर करून देऊ का?

काकी ओरडल्या रे. त्यांचा आवाज इतका चढलेला मी कधी ऐकला नव्हता. "हात लावू नगं त्याला! येकदा कुणीतरी बरोबर केलं, आन् माझ्या रवीची सोन्यासारखी संधी गेली." मग त्यांनीच सगळं सांगितलं. सोपानकाकांची कंपनीची बस चुकू नये म्हणून ते घड्याळ पहिल्यापासून वीस मिनिटं पुढे. घरातला प्रत्येक जण वीस वजा करूनच वेळ वाचतो. तुझा फोन त्या आठवड्यात उसाच्या पाटात पडून बंद झालेला. हिंजवडीच्या गेम स्टुडिओत आपल्याला रेंगाळे दाखवायचे होते, त्या सकाळी घड्याळात आठ वाजून पाच झाले तेव्हा, म्हणजे तुझ्या हिशेबाने पावणेआठला, तू इस्त्रीचा शर्ट घालून निघालास. "दुपारी ह्येंची सेकंड शिफ्टची बस चुकली, तवा कळलं," काकी म्हणाल्या. "कुनी केलं, द्येवाला ठाव."

देवाला आणि मला, रव्या. आदल्या दुपारी मी रेखाटनं न्यायला आलो होतो. तू गोठ्यात होतास, काकी रानात. घड्याळ बंद पडलेलं दिसलं. मी टीव्हीच्या रिमोटमधला सेल काढून त्यात घातला आणि माझ्या मोबाइलवर बघून काटे मिनिटाला मिनिट जुळवले. वर स्वतःवर खूशही झालो. ते कायम पुढे असतं हे मी शंभरदा पाहिलं होतं, त्यावरून तुम्हाला चिडवलंही होतं. पण का, हे एकदाही विचारलं नव्हतं. आणि केलेलं काम सांगण्याइतकं मोठं वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी आठला अब्बांच्या गिऱ्हाइकाची गाडी आपल्या दोघांना चाकणच्या स्टँडवरून हिंजवडीला नेणार होती. मी तिला दहा मिनिटं थांबवून ठेवलं आणि मग एकटा गेलो. स्टुडिओतल्या माणसांना मी सांगितलं, की माझ्या मित्राला यात फारसा रस नाही. मला नोकरी लागली. तू मात्र तीन बस बदलून तिथे पोचलास आणि दुपारपर्यंत गेटबाहेर उभा राहिलास, वॉचमनने आत सोडलं नाही, हे मला आज कळलं. नऊ वर्षांनी, चहाचा कप हातात असताना! संध्याकाळी मी तुला काय म्हणालो होतो ते लिहायची लाज वाटते, पण लिहितो. शेतकऱ्याच्या पोराला वेळेची किंमत कुठून असणार, असं म्हणालो. तू एवढंच म्हणालास, "माझ्या घड्याळात मी वेळेवर होतो, दान्या." मला वाटलं, आपलाच नियम माझ्या तोंडावर मारतोयस. तू तर साधं खरं सांगत होतास. आज काकींच्या पायाशी बसून हे कबूल करायला हवं होतं.  पत्रिका ठेवली आणि पळालो.

आता पत्राचं कारण. रेंगाळ्यांवरचा आपला गेम पुढच्या महिन्यात येतोय. संकल्पनेपुढे आजवर एकट्या माझं नाव होतं आणि ते मला कधी खटकलं नाही, हेही ऐकून ठेव. नावांची यादी येत्या गुरुवारी बंद होणार आहे. तुझं नाव वर, माझं खाली, असं मी मघाशीच कळवलंय. पण ते नाव चढताना तू त्या गेटच्या आत असायला हवास. गुरुवारी सकाळी आठला मी चाकणच्या एसटी स्टँडवर उभा असेन, जर्नल घेऊन. या वेळी गाडी माझी आहे आणि ती तुझ्याशिवाय हलणार नाही. भिंतीवरचं घड्याळ बघूनच नीघ, वीस वजा कर, नाहीतर नको करूस. तुझ्या घड्याळात आठ वाजतील तेव्हा ये.

उशीर माझ्याकडूनच झाला, तरी तुझाच,
दानिश