खुर्ची पुसणारा वेटर

सर, तो माणूस खरा होता. आधी एवढंच सांगते, कारण बाकीचं नीट सांगायला वेळ लागेल.

आज दुपारी मुलीचा फोन आला. ती इथे अमेरिकेत, ॲन आर्बरच्या विद्यापीठात शिकते आणि लायब्ररीत जुन्या नाटकांचे कागद स्कॅन करते. ‘आई, तुझ्या सरांचा फेक ॲक्टर सापडलाय. लिटरली त्याचा अख्खा बॉक्स आहे.’ मी मीटिंग कॅन्सल केली आणि बसचीही वाट न बघता बर्फातून चालत सुटले. ‘फेक ॲक्टर’ हे नाव मीच ठेवलेलं. पाहुणे आले की मी तुमची गंमत सांगायचे: आमचे फ्रेंचचे सर एका फ्रेंच नटाने लिहिलेलं नाटक मराठीत बसवायला निघाले होते आणि तो नट कुठल्याच पुस्तकात सापडेना. ऐकून ऐकून त्याचं नाव मुलीला पाठ झालंय.

खोक्यात त्याचं सगळं करिअर मावलंय. पोस्टमन, तिसरा शिपाई, एकदा तर नुसतं प्रेत. प्रत्येक कार्यक्रमपत्रिकेत नाव तळाशी. आणि सगळ्यांत खाली ते छोटंसं नाटक. मी शेवटचं पान उघडलं. वेटर खुर्ची पुसतो, मग बसतो. सर, मी तिथेच रडायला लागले. ‘आई, प्लीज, सगळे बघतायत,’ मुलगी म्हणाली आणि माझ्यासाठी टिश्यू शोधू लागली.

डोळ्यांसमोर पुन्हा आपल्या कॉलेजच्या हॉलमध्ये तालीम चालू आहे. मी वेटर आहे आणि धपकन खुर्चीत बसते. तुम्ही मला थांबवता. ‘आधी पूस. जन्मभर दुसऱ्यांसाठी पुसलीय त्याने, स्वतःसाठी विसरेल होय? हे नटाने लिहिलंय. नुसत्या लेखकाला सुचलं नसतं.’

एकांकिका स्पर्धेवाल्यांना मूळ लेखकाचं परवानगीपत्र हवं होतं. तुमच्या पत्राला फ्रान्सहून उत्तर येत नव्हतं आणि फॉर्म भरायचं काम माझ्याकडे होतं. मी लेखक म्हणून सरळ तुमचं नाव घातलं. तुम्हाला कळलं तेव्हा तुम्ही ओरडला नाहीत. ‘आधीच त्याला कोणी ओळखत नाही. आता त्याचं नावही आपण काढून घ्यायचं?’ एवढंच बोललात आणि नाटक मागे घेतलंत. दोन महिन्यांची मेहनत पाण्यात. मी इतकी चिडले की कँटीनमध्ये सांगत सुटले, असा कोणी नटच नाही, सरांनीच लिहिलंय आणि आता घाबरलेत. सगळ्यांना ते पटलं. पुढे मलाही पटलं.

घरी आल्या आल्या तुमची भाषांतराची वही काढली आणि मुलीने पाठवलेल्या पानांशी ताडून पाहिली. एक वाक्यही तुम्ही पदरचं घातलेलं नाही. लायब्ररीतल्या बाईंनी खोक्याच्या नोंदीत मराठी भाषांतराची माहिती मागितली आहे. त्याचं नाव वर लिहीन, तुमचं खाली.

आणि ती वही. निवृत्त होईपर्यंत तुम्ही भेटलात की तिच्याबद्दल विचारायचात आणि मी दर वेळी सांगायचे, स्टाफरूमच्या कपाटात ठेवली होती. तुम्ही पुन्हा पुन्हा ते कपाट उपसलंत, हे मला माहीत होतं. तुम्ही आता या जगात नाही, हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही म्हणूनच लिहायचा धीर होतोय. वही माझ्याकडेच होती, सर.