कॅम्प चारच्या गाळ्यातली मौन फेरी

मी, दौलत सदू भोईर, वय एकाहत्तर, राहणार कात्रप, बदलापूर पूर्व, हे मृत्युपत्र लिहून ठेवतो ते असं की, माझं डोकं ठिकाणावर आहे, कुणाची जबरदस्ती नाही आणि कान अजून तिखट आहेत. खालील सर्व मिळकत स्वकष्टार्जित आहे.

१. कात्रपचा फ्लॅट व ठेवी पत्नी संजीवनी हिला. तिला विचारल्याशिवाय भिंतीत खिळा ठोकू नये. मी कधी ठोकला नाही.

२. वांगणीची जागा मुलगा राजस यास. तिथे त्याने हवं ते करावं, फक्त जागेची हद्द दाखवायला मला त्याच्या स्वप्नात यायला लावू नये.

३. टेपरेकॉर्डर दुरुस्तीच्या दिवसांतला माझा हेडफोनही राजसला. शेजारचे नरेंद्रशेठ आहुजा यांचा त्यावर डोळा आहे, म्हणून त्यांना साक्षीदार केलं आहे. साक्षीदाराला काही मिळत नाही, असं वकील म्हणाले.

४. उल्हासनगर कॅम्प ४ मधला ऑडिशनचा गाळा. इथे मी मालिकांसाठी नट निवडले. माझी मौन फेरी सगळ्यांना ठाऊक आहे: खुर्चीत बसायचं, कुणाची तरी वाट बघायची, बोलायचं नाही. मी त्यांच्याकडे पाठ करून बसायचो. श्वास, बांगडी, खुर्चीची कुरकुर, यावरून माणूस ओळखायचो.

२०१२ साली नीलिमा आली. मला काहीच ऐकू आलं नाही. मी म्हणालो, "बाई, झोप लागली का?" आणि करिष्माला निवडलं. ती नुसत्या सुस्काऱ्यांवर दोनशे भाग चालली.

संध्याकाळी संजीवनीने रेकॉर्डिंग बघितलं. "अहो, वळून तरी बघायचं. दाराकडे गेलेला हात तिने कसा मागे घेतला ते."

मी नीलिमाला फोन केला. ती म्हणाली, "सर, बांगड्या मी काढूनच बसले होते. घरात सगळे झोपलेले असताना वाट बघणारी बाई आवाज करत नाही."

तेव्हापासून फेरी नीलिमाच घेते, उमेदवाराकडे तोंड करून. राजसला मात्र गाळा जिमला भाड्याने द्यायचा आहे.

काल राजस आणि नीलिमाला बसवून, त्यांच्याकडे पाठ करून सांगितलं, मृत्युपत्र करतोय. राजस म्हणाला, "काय घाई आहे बाबा?" आणि त्याची खुर्ची पुढे सरकली. नीलिमा काही बोलली नाही.

या वेळी मी वळून बघितलं. ती माझी कपबशी दोन्ही हातांनी उचलत होती, वाजू नये म्हणून.

गाळा नीलिमाला.

वाचून, समजून सही केली.
दौलत सदू भोईर

साक्षीदार, आम्हां दोघांसमक्ष सही झाली:
१. नरेंद्र आहुजा (हेडफोनबाबत नाराजीसह)
२. डॉ. श्यामकांत वैद्य

बदलापूर, दि. १४ नोव्हेंबर २०२५