कहवामधला ह

डब्लिन, ओहायो
९ नोव्हेंबर २०२५

ती. कमलाताईस,
धर्मराजचा जयभीम.

तुझं पत्र आणि दीक्षाने अपिलासाठी पाठवलेली कागदांची यादी, दोन्ही मिळालं. यादीकडे येतोच. तुझा गुडघा कसा आहे? 'बराय' म्हणू नकोस. जिना चढताना फोनवर तू किती वेळा थांबतेस ते मला इथे ऐकू येतं.

आधी एका कप कॉफीची खरी किंमत सांगतो. माझ्या दुकानात चौदा मशिनं. रोज सकाळी साडेदहाला चौदाही बंद, पंचवीस मिनिटं. असं गेली नऊ वर्षं. मैत्रीने मोबाइलवर गुणाकार केला आणि म्हणाली, "बाबा, दॅट्स अ लॉट ऑफ कर्टन्स." आम्ही हॉस्पिटलचे पडदे शिवतो ना. एवढे पडदे मी पिऊन टाकले.

याला कारण सेनिहा. माझी सगळ्यात जुनी कारागीर, बोस्नियाची, साठी ओलांडलेली. तिकडच्या युद्धात गाव गेलं, काही वर्षं जर्मनीत काढली, मग इकडे आली. नवरा इथेच वारला. कामाच्या पहिल्याच दिवशी तिने पिशवीतून लांब दांड्याचं तांब्याचं भांडं काढलं आणि मशीन बंद केलं.

मी म्हणालो, "कॉफीचं मशीन आहे तिकडे."

"बॉस, त्यातून येतं ते गरम पाणी. ही कहवा."

कामावरून काढीन म्हणालो. तिने माझ्यासमोर कप ठेवला. संपला मालक.

पण माझे कान तुला माहीत आहेत. तिच्या 'कहवा'तला ह छातीतून यायचा. आणि आमच्याकडे पार्सल आणणारा माणूस तिच्याच देशाचा, तो मात्र 'काफा' म्हणायचा. मी विचारलं तशी ती हसायची थांबली. म्हणाली, "तुझे कान वाईट आहेत, बॉस. आमच्याकडे ह्या एका ह वरून माणूस कोणाचा ते ठरायचं." मी म्हणालो, "आमच्याकडे न आणि ण वरून." तिने माझा कप पुन्हा भरला.

माझ्या कानांचं इथे फार नाव आहे, ताई. चौदा मशिनं धडधडत असताना, ऑफिसच्या बंद दाराआडून, नऊ नंबरची सुई बोथट झालीय हे मी सांगतो. गिऱ्हाइकांना मी स्वतःच ऐकवतो, एकदा ऐकलेला आवाज हा माणूस विसरत नाही. मस्कतच्या कारखान्यापासून इथपर्यंत आलो तो ह्या दोन कानांवर.

ऑगस्टमध्ये सेनिहाने विचारलं, "कोर्टात सोबत येशील? इंग्रजी येतं मला. फक्त शेजारी बस."

दुसऱ्या राज्यात एक म्हातारा सापडला होता. तिच्या गावचा बस कंडक्टर. युद्धात गावातल्या शाळेत लोक कोंडले होते, तिथे तो पहारेकरी होता. इथे येताना फॉर्मवर त्याने लिहिलं, मी कुठल्याही तुरुंगात काम केलं नाही. खटला त्या एका खोट्या उत्तरावर. खुनांचा नाही. खून ह्या कोर्टाच्या हद्दीत झाले नव्हते.

साक्षीला ती निळा कोट घालून उभी राहिली. दुकानातल्याच कापडाचा, स्वतः शिवलेला. ताई, अस्तर असं बसवलं होतं की न्यायाधीशांच्या अंगावरचा डगलासुद्धा त्यापुढे गबाळा दिसत होता.

तिने सांगितलं ते असं. बायका एका वर्गात, पुरुष शेजारच्या. दुपारी कंडक्टर व्हरांड्यात यायचा आणि थांबे पुकारावेत तशी नावं पुकारायचा, शेवटचं अक्षर लांबवून. तिच्या भावाचं, नेदिमचं नाव पुकारलं तेव्हा भिंतीपलीकडून तिने ऐकलं. त्याने नेदिमला विचारलं, सकाळी काय पितोस? नेदिम म्हणाला, "कहवा." कंडक्टरने त्याची नक्कल केली. "कह्ह्हवा." बाकीचे हसले. बारा वर्षांनी नेदिमची थोडी हाडं मिळाली.

आरोपीचा वकील तरुण, गोड बोलणारा. म्हणाला, "मॅडम, तुम्ही त्याला पाहिलं नाही. भिंतीतून, तेहतीस वर्षांपूर्वीचा आवाज. आज कसा ओळखता?"

तर ही बया सगळ्या कोर्टासमोर माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "ते माझे बॉस. बंद दारातून एक सुई ओळखतात. त्यांना विचारा. आवाज विसरता येत नाही. विसरलो म्हणून सांगता येतं, एवढंच."

ज्युरीतल्या बाराही जणांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. दुसरं काय करणार?

मग सरकारी वकिलांनी चौकशीची टेप लावली. अधिकाऱ्यासोबतची दुभाषी सेनिहाच्या लोकांतली असावी. तिने सहज विचारलं, कहवा घेणार? आणि म्हातारा हसला. "कह्ह्हवा," म्हणाला. तीच थट्टा, ताई. त्याला ती आवरलीच नाही. मला त्यांच्या भाषेतला दुसरा शब्द येत नाही, पण तो ह मी ओळखला.

दोषी ठरला. शिक्षा पुढे ठरेल, नागरिकत्व जाईल. बाहेर आल्यावर मी अभिनंदन केलं तर म्हणाली, "फॉर्मवर खोटं लिहिलं म्हणून. नेदिमसाठी नाही." मग कोटाची बटणं सोडत म्हणाली, "पण माझं म्हणणं लिहून घेतलं. सगळं. कहवासकट." अख्ख्या इमारतीत तिच्याएवढं ताठ कोणी चाललं नसेल. मी मागून पर्स धरून चालत होतो आणि मला राजाचा हुजऱ्या असल्यासारखं वाटत होतं.

तसं ताठ चालणारं मी आधी एकच माणूस पाहिलंय. आपल्या दादांच्या खुनाच्या खटल्यात सेशन्स कोर्टातून निकाल ऐकून बाहेर आलेली तू. दादांनी वस्तीच्या कमानीला निळी पाटी लावली म्हणून भरदुपारी सातजण तोंडाला टॉवेल बांधून आले. तू पिंपळामागून पाहिलंस, त्यांतल्या अंकुशला चालीवरून ओळखलंस आणि एकटीने साक्ष दिलीस. चेहरा झाकलेला होता म्हणून कोर्टाने ती धरली नाही. सगळे सुटले. तरी तू मान खाली घातली नाहीस. ह्या गोष्टीचा मी इथे सगळ्यांना अभिमानाने उल्लेख करतो. माझी बहीण, म्हणतो. माझ्याविषयी काही सांगत नाही.

आता दीक्षाची यादी. तिने शेवटी पेन्सिलीने लिहिलंय, "मामांना काही आठवत असेल तर." पोरगी हुशार आहे. पेन्सिलीने लिहिलं.

नोटरीसमोर सही केलेलं प्रतिज्ञापत्र सोबत आहे. त्यात असं आहे की मी आतल्या खोलीत होतो. दादा दाराबाहेर पडले होते, त्यांनी पानी मागितलं. अंकुश म्हणाला, "पानी न्हाई, पाणी म्हण. मग देतो." दादा पुन्हा पानीच म्हणाले. मग आवाज आला नाही.

फौजदाराने जबाब घेताना सांगितलं होतं, मस्कतच्या पासपोर्टची चौकशी माझ्याच टेबलावर आहे. मी लिहून दिलं, काही ऐकू आलं नाही. दादा गेल्याचा सहावा दिवस होता, पासपोर्टच्या कागदावर शिक्का मिळाला.

हे एकतीस वर्षांनी हायकोर्टात उभं राहील की नाही, ते दीक्षाने ठरवावं. बोलावलं तर येईन, वकील काय वाटेल ते विचारो. दुकान सेनिहा सांभाळेल. तसंही तीच सांभाळते.

तू गावात, कोर्टात, सोयऱ्यांत माझ्यासाठी एकच वाक्य बोलत आलीस: "त्याचं शिलाई मशीन चालू होतं, त्याला कसं ऐकू जाणार?" ते आता बोलू नकोस.

सुई मोडली होती, ताई. मशीन बंद होतं.

तुझा,
धर्मराज