आजी म्हणून लावलेल्या बाईच्या फोटोबाबत

मी, कोर्नेलिया सादोव्स्का, वय एकाहत्तर, व्यवसाय चित्रकार, राहणार पोझ्नान, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाविना हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहिते. शुद्धीबाबत समीक्षकांचे मत वेगळे असल्यास ते ग्राह्य धरू नये.

कलम १. राहता फ्लॅट भाची दोरोता हिला द्यावा. भिंतींवरचा सरस निघत नाही, हे तिला आधीच सांगावे.

कलम २. कात्र्या, मेण, लेस आणि बटणांच्या अकरा बरण्या मागेल त्याला द्याव्यात, फक्त कलाशाळेला नाही. तिने मला दोनदा नापास केले आणि नंतर माझ्यावर परिसंवाद भरवला.

कलम ३. 'माझी आजी, माझी जखम' हे माझे गाजलेले काम. जुन्या दारावर मेण, लेस, बटणे आणि मधोमध हॅटवाल्या बाईचा फोटो. त्यातल्या स्मृती आणि अस्मितेवर तीन ग्रंथ निघाले आहेत. फोटो मी जुन्या बाजारात घेतला होता.

उद्घाटनाला माझी आई आली आणि सगळ्यांदेखत म्हणाली, "अगं, ही कोण बया? तुझ्या आजीने जन्मात हॅट घातली नाही. डोक्याला रुमाल बांधून बटाटे काढायची ती."

गॅलरीचे मालक हूबेर्त तिला बाजूला नेत म्हणाले, "काकू, स्मृती व्यक्तिसापेक्ष असते."

"असेल. पण आई माझी होती," ती म्हणाली.

दोन वर्षांनी गेनोवेफाबाई नावाच्या एक अनोळखी बाई गॅलरीत आल्या. "ही माझी आई. भावानं घर रिकामं करताना फोटो विकून टाकले. माझ्याकडे तिचा एकही नाही. एवढा काढून द्याल?"

मी म्हणाले, "मेणात बसलाय. काढला तर फाटेल."

खरे म्हणजे मी घाबरले होते. त्यानंतर नऊ वर्षे दर गुरुवारी, म्हाताऱ्यांना प्रवेश मोफत असतो त्या दिवशी, त्या येऊन माझ्या त्या दारासमोर, फोटोकडे बघत, उभ्या राहत. रखवालदाराने त्यांना खुर्ची दिली. हूबेर्त यांनी 'कलेपुढे नतमस्तक सामान्य प्रेक्षक' असा लेख लिहिला.

सबब, माझ्या मृत्यूनंतर तो फोटो गेनोवेफाबाईंना द्यावा, असे मी येथे लिहिले होते. ते वाक्य रद्द समजावे. साक्षीसाठी बोलावलेले शेजारचे सुतार झेनोन ते वाचून म्हणाले, "त्या तुमच्याहून तेरा वर्षांनी मोठ्या. तुमच्या मरणाची वाट बघत बसायचं का त्यांनी?"

काल गुरुवार होता. झेनोन पटाशी घेऊन गॅलरीत आले. हूबेर्त आडवे आले, "मॅडम, सगळं काम उद्ध्वस्त होईल."

"जरा दार धरा, हलतंय," झेनोन त्यांना म्हणाले. त्यांनी धरले.

फोटो एका कोपऱ्यात फाटला. गेनोवेफाबाईंनी चष्मा पुसून तो डोळ्यांशी नेला. "किती पोर आहे ही," त्या म्हणाल्या. मी माफी मागितली. त्यांनी ऐकली की नाही, सांगता येत नाही.

कलम ४. दार, पडलेल्या भोकासह, हूबेर्त यांना द्यावे. भोकावर त्यांचा लेख तयार असल्याचे आज सकाळी कळले.

वरील मजकूर माझा असून खाडाखोडही माझीच आहे.

कोर्नेलिया सादोव्स्का
पोझ्नान, शुक्रवार, १७ नोव्हेंबर २०२३

साक्षीदार:
झेनोन पिआसेत्स्की, सुतार
वित वूचाक, गॅलरीचा रखवालदार